डावीकडून उघडलेली वही

कळंबच्या पेठेत सत्तावन्न-अठ्ठावन्न साली जेवढ्या पाट्या नव्यानं रंगल्या, त्यातल्या निम्म्याअधिक जलील पेंटरच्या हातच्या. निजामाचं राज्य गेलं, मग हैदराबादचंही गेलं, जिल्हा मुंबई राज्यात आला, आणि दुकानदारांना एकाएकी जाग आली की डोक्यावरची उर्दू पाटी आता गिऱ्हाईक वाचत नाही. कुणाला ‘आडत दुकान’ हवं, कुणाला ‘किराणा भुसार’, कुणाला नुसतं आपलं नाव, पण मोठ्ठं. जलील शिडी लावायचा आणि अशी अक्षरं काढायचा, की मालकानं रस्त्यात उभं राहून आपलंच नाव दोनदा वाचावं.

आता गंमत बघा. ज्याच्या देवनागरी अक्षराला सगळी पेठ वाखाणायची, त्या जलीलला देवनागरीत चार ओळींचं पत्र धड लिहिता येत नव्हतं. शिक्षण सगळं निजामाच्या शाळेतलं. पाटीचा मजकूर कुणी कागदावर लिहून दिला की तो चित्र काढावं तसा काढायचा. मोर काढला काय आणि ‘म’ काढला काय, त्याला सारखंच. बोलायला मराठी अशी की कुणी फरक सांगू नये. पण लिहायला बसला की हात आपोआप उजवीकडून डावीकडं धावायचा. वाक्य मराठी, अक्षरं उर्दू. अशी माणसं तेव्हा आपल्याकडं पुष्कळ होती. कचेरीतले जुने कारकून, कुठल्याही जातीचे असोत, बाजाराची यादीसुद्धा उर्दूतच करायचे. त्यांना हसायचं काही कारण नाही. राज्य बदलायला चार-पाच दिवस पुरले. हाताला जन्म लागतो.

जलीलचं घर पेठेच्या मागं. माळवदाचं, म्हणजे वर लाकडं टाकून त्यावर मातीचं सपाट छत. पुढं अंगण, अंगणात आड, आडाशेजारी लिंब आणि लिंबाखाली बाज. एके काळी त्या अंगणात पाच ताटं पडायची. जलीलचे अब्बा तहसिलीत पेशकार होते. नव्या साहेबानं मराठीत टिपण मागितलं, ते अब्बांना येईना. नोकरी गेली आणि वर्षाच्या आत अब्बाही गेले. थोरला भाऊ लालमहंमद कामाला म्हणून हैदराबादेत गेला; तिथून पुढं कुठं गेला ते कुणाला नीट ठाऊक नाही. त्याचं पत्र आधी महिन्याला यायचं, मग ईदेला, मग येईनासं झालं. बहीण लालबी बिदरला दिली होती. छप्पन्न साली बिदर म्हैसूर राज्यात गेलं. रस्ता तेवढाच राहिला, पण सासरची माणसं म्हणायला लागली की आता तो परमुलूख झाला, सारखं काय जायचं. उरली दोघं, जलील आणि त्याची आई अजीजाबी.

जाणाऱ्या प्रत्येकाला अजीजाबी एकच वाक्य सांगायची. रडायची नाही, गळ्यात पडायची नाही. म्हणायची, “दार नुसतं लोटून घे. कडी घालू नको.”

जलीलला सिनेमाचं वेड होतं, पण तेही इतरांसारखं नाही. येरमाळ्याच्या जत्रेत तंबूत खेळ लागला की लोक नटीकडं बघायचे आणि हा नटीच्या मागची भिंत बघायचा. भिंतीचा पोपडा खोटा आहे, चुलीत कधी जाळच पेटलेला नाही, हे याला पहिल्या झटक्यात कळायचं. मग तो मनातल्या मनात ती खोली नव्यानं बांधायचा. खोली बरोबर झाली की त्यातली माणसंही बरोबर बोलायला लागायची. अम्मा बाजेवर बसली तर एक बोलते, चुलीपुढं बसली तर दुसरंच बोलते, हे त्याला घरी रोज दिसत होतं. गोष्ट लिहिणारा वेगळा आणि घर बांधणारा वेगळा, असं असू शकतं हेच त्याच्या डोक्यात शिरत नव्हतं. त्याच्या लेखी ते एकच काम होतं.

दोन हिवाळे खपून त्यानं एक जाड वही भरली. एका पानावर चित्र, समोरच्या पानावर त्या चित्रातली माणसं काय बोलतात ते. अशी एक्केचाळीस चित्रं. पहिल्या चित्रात अंगणात पाच ताटं. मग बाप जातो, थोरला जातो, लेक जाते. चाळिसाव्या चित्रात धाकटा मुलगा हातात ट्रंक घेऊन दारात उभा. एक्केचाळिसाव्यात आड, लिंब, बाज आणि एकटी म्हातारी. पुढ्यात एकच जर्मनचं, म्हणजे ॲल्युमिनियमचं, ताट. धाकट्याचं ते जाणं गोष्टीला शेवट पाहिजे म्हणून घातलंय, असं तो स्वतःला सांगायचा. आणि एका फळीवर त्यानं, शाळेतल्या मास्तरांकडून मजकूर लिहून घेऊन, पांढऱ्या रंगात एक ओळ काढली होती: ‘कथा आणि कला: जलील कळंबकर’. पडद्यावर हीच ओळ यायला हवी, अशीच, एका ओळीत. आयुष्यात त्यानं एवढं एकच मागितलं. फळी त्यानं बाजेखाली लपवली. अजीजाबीला ती सापडली, आणि मापाची आहे म्हणून तिनं ती रांजणावर झाकण म्हणून ठेवली.

अठ्ठावन्नच्या दिवाळीनंतर तो वही घेऊन निघाला. बार्शीपर्यंत एस.टी., तिथून अरुंद रुळांवरच्या छोट्या गाडीनं मिरज, मिरजेहून कोल्हापूर. “चार दिवसांत येतो,” तो म्हणाला. अजीजाबीनं भाकरी बांधून दिली, दार लोटून घ्यायला सांगितलं.

कोल्हापुरातल्या सिनेमा कंपनीचे मालक कल्याणप्पा शेठ हे तंबाखूच्या धंद्यातून सिनेमात आलेले गृहस्थ. मनानं मोठे, पण एका जागी बसतील तर शपथ. जलील गेला तेव्हा ते मोटारीत एक पाय टाकून उभे होते. त्यांनी वही तशीच उभ्याउभ्या चाळली.

“चित्रं झकास आहेत की! हे बाजूला काय लिवलंय?”

“मराठीच हाय शेठ. अक्षरं उर्दू हायत. म्या वाचून दावतो.”

“ऐकू की निवांत. वही राहू दे पंतांकडं. तवर तुम्ही रंगखात्यात चला, हात चांगलाय तुमचा.”

पंत म्हणजे गोपाळकृष्णपंत, कंपनीचे लेखक. पुण्याकडचे, स्वच्छ धोतर, स्वच्छ मराठी. त्यांनी वही काखेत मारली, आणि जलील रंगखात्यात गेला तो दोन महिने तिथंच राहिला.

फुकट गेले असं म्हणता येणार नाही. तरटावर माती लिंपून तिची भिंत कशी करायची हे तो तिथं शिकला. चुना कॅमेऱ्याच्या डोळ्यात खुपतो म्हणून पांढऱ्या भिंतीवर चहाचं पाणी मारतात, लाल लुगडं पडद्यावर काळं दिसतं, हे कळलं. आणि काही गोष्टी त्यानं त्यांना शिकवल्या: चुलीवरचा धूर ब्रशनं काढू नका, कंदील धरा, काजळी आपली आपण चढते. माणसं कामाला मान द्यायची, पण जेवायला बसताना मात्र आपापल्या घोळक्यात. त्याच्या बोलण्यातल्या हेलावरून सगळे त्याला ‘निजाम’ म्हणत. “ओ निजाम, जरा शिडी द्या.” वाईट हेतू कुणाचा नव्हता. पण दिवसातून वीस वेळा आपलं नाव सोडून दुसरंच काही ऐकलं की माणूस आतून हळूहळू मुका होतो. वाचून दाखवायचं बोलावणं काही येईना. चार दिवसांचे साठ झाले.

एकदाचं बोलावणं आलं ते पंतच वाचून दाखवणार म्हणून. शेठ गादीवर, समोर पंत, कोपऱ्यात जलील. पंतांनी चित्रांवरून सबंध पटकथा रचली होती.

“पहिलं दृश्य,” पंत वाचू लागले. “मातीचं घर. अंगणात एकटी वृद्धा. पुढ्यात एकच ताट.”

जलीलला वाटलं, शेवट आधी दाखवून मग मागं जायचं. हुशार माणूस आहे.

“दुसरं दृश्य. दार ढकलून धाकटा मुलगा आत येतो. हातात ट्रंक.”

जलील ताठ बसला. दारात उभ्या माणसाचं असंच असतं. तो येतोय की जातोय, हे चित्र सांगत नाही, बघणारा ठरवतो. पुढं मग लेक माहेरी आली. थोरला टांग्यातून उतरला. सरतेशेवटी बाप आला. त्याला पंतांनी ब्रह्मदेशच्या लढाईतून जिवंत परत आणला होता. आणि अखेरच्या दृश्यात अंगणात पाच ताटं.

शेठनी उपरण्यानं डोळे पुसले. “जलीलभाई, काय गोष्ट सुचली हो तुम्हाला! सगळी परत येतात. बायाबापड्या नुसत्या लोटतील बघा.”

आता इथं एखाद्या शहाण्यानं काय केलं असतं? मान डोलावली असती आणि गप्प बसला असता. पण दोन महिने मुका राहिलेला माणूस बोलला, तो नेमका तिथं बोलला.

“शेठ, वही तुम्ही मागनं उघडली.”

“म्हंजे?”

“उर्दू वही उजवीकडनं सुरू होती. पंतांनी मराठी वहीसारखी डावीकडनं उघडली. ते पयलं चित्र न्हाई, शेवटचं हाय. माझ्या गोष्टीत कुणी येत न्हाई शेठ. सगळे जातात.”

पंतांचा चेहरा पडला. मग शेठ असे हसले की पानाचा डबा कलंडला.

“म्हंजे आम्ही चुकून बरोबर वाचली म्हणा की! अहो, माणसं रडायला तिकीट काढतात, पण घरी जाताना हसत जायला पायजेत. तुमची तशी रिकाम्या घराची गोष्ट कोण बघणार? हीच करायची.”

“मग पडद्यावर... कथा म्हणून नाव?” जलीलनं विचारलं.

उत्तर पंतांनी दिलं, अगदी मृदू आवाजात. “राग मानू नका जलीलभाई. तुमची कथा सगळे जातात ती. ही सगळे येतात ती. आत्ता तुम्हीच सांगितलंत. मग ही तुमची कशी म्हणायची?”

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे. आणि वाईट याचं की पंतांच्या बोलण्यात खोट काढायला जागाच नव्हती. जलील उठला.

“घर मात्र तुम्हीच बांधायचं हां,” शेठ मागून म्हणाले. “त्या चित्रातल्यासारखं. दुसऱ्याला जमायचं न्हाई.”

तो राहिला तो एवढ्या एका वाक्यासाठी. नाव नाही तर नाही, घर तरी बांधायला मिळेल. सुतारांनी सवयीनं उतरती कौलं घातली होती, ती त्यानं उतरवायला लावली. “कौलाचं घर आमच्याकडं कुठलं? माळवद पायजे.” सुतार कुरकुरले, पण त्यानं माळवद करून घेतलंच. आड केला, लिंब उभा केला, बाज स्वतः विणली. मालकांनी अंगणात तुळशीवृंदावन सांगितलं. जलीलनं तेही केलं, आणि उगाच बोट ठेवायला नको म्हणून मनापासून केलं.

त्या घरात तीन आठवडे दिवे लागले, माणसं आली, रडली, हसली. जी बाई आई झाली होती ती चांगली नटी होती. पण धाकटा दारातून आत आला तेव्हा ती म्हणाली, “बाळा, किती रे वाट पाहिली तुझी!” जलील दिव्यांच्या मागं उभा होता. अम्मा असं कधी बोलली नसती, हे त्या जागी त्याला एकट्याला ठाऊक होतं. अम्माचं वाक्य वहीत होतं, चाळिसाव्या चित्राच्या समोर. ते कुणाला वाचता येत नव्हतं, आणि आता त्याची गरजही नव्हती.

काम संपलं त्या दिवशी सगळे गेल्यावर तो त्या अंगणात बाजेवर जाऊन बसला. घर फिरलं की वासेही फिरतात म्हणतात. इथं वासे अगदी जागच्या जागी होते, घर तेवढं नव्हतं. पाच ताटं अजून मांडलेली होती. त्यानं दाराकडं बघून आईचं वाक्य मोठ्यानं म्हणून पाहिलं. “दार नुसतं लोटून घे. कडी घालू नको.” दाराला कडी नव्हतीच, कॅमेऱ्यात दिसणार नाही म्हणून कुणी बसवली नव्हती. त्याला तेव्हा फार एकटं वाटलं. कळंबात वाटलं नव्हतं तेवढं. तिसऱ्या दिवशी येऊन बघतो तर घर मोडून तरटं गुंडाळून ठेवलेली.

चित्र चाललं. पुण्यात चाललं, सांगलीत चाललं, गावोगाव तंबूतून चाललं. पंतांचं नाव झालं. जलीलचंही झालं, पण कंपन्यांच्या आत. घर हवं, गढी हवी, चावडी हवी, की ‘निजामला बोलवा’. वर्षातून दोनदा, ईदेला आणि जत्रेला, तो चार दिवस कळंबला यायचा. अजीजाबी दर वेळी म्हणायची, “वाळलास,” आणि दर वेळी तो म्हणायचा, “न्हाई, उंची वाढली.”

बासष्टच्या चैत्रात येरमाळ्याच्या जत्रेत तो खेळ लागला. जलीलनं आईला नेलं. तोवर तिनं उभ्या जन्मात सिनेमा बघितला नव्हता. तंबूत मधोमध पडदा; एका अंगाला पुरुष, दुसऱ्या अंगाला बाया. दिवेलागणीला खेळ सुरू झाला. ‘कथा, पटकथा, संवाद’ म्हणून पंतांचं नाव आलं, आणि पुष्कळ नावांनंतर ‘कला: जलील कळंबकर’. त्यानं पडद्याकडं फारसं बघितलंच नाही. तो पडद्यापलीकडच्या अंधारात कान लावून बसला होता. बाप परत आला तेव्हा बायांकडून हुंदके ऐकू आले. त्यात आपला कुठला, ते त्याला ओळखता येईना.

सकाळी घरी चुलीपुढं बसल्यावर अजीजाबी बोलली.

“घर आपलंच केलंस. पर आड उलट्या अंगाला का केलास रे?”

“अम्मा, आड बरोबरच हाय. तू पडद्याच्या मागनं बघितलंस.”

“मागनं कशाचं? आमच्या अंगानं तेच पुढलं.” तिनं भाकरी उलटली. “तुळस बी केलीस. चांगली दिसत हुती.”

“मालकांनी सांगितली.”

“असू दे. झाडाला काय जात हाय?” मग तिनं चुलीतलं लाकूड आत सारलं. “तुझे अब्बा आले ना, तवा म्या डोक्यावर पदर घेतला. शेजारची बाई म्हणली, अगं, पिच्चरमधल्याला काय लाजतीस? तिला काय सांगू बाबा.”

जलीलच्या खिशात तीन दिवसांपासून एक पत्र होतं.

“लई चांगलं लिवलंस,” ती म्हणाली. “पयला धाकटा आला. त्यानं येऊन दार उघडलं म्हणून मागनं बाकीचे आले. व्हय की न्हाई? असंच लिवलंस ना तू?”

लिहिल्याबद्दल त्याला आजवर कुणी चांगलं म्हटलं नव्हतं. पहिल्यांदा म्हटलं ते आईनं, आणि जे त्यानं लिहिलं नव्हतं त्याच्याबद्दल. सांगावं, असं त्याच्या ओठावर आलं. एकदा खरं बोलून नाव गेलं होतं. आता खरं बोललं तर काय जाईल, ते चुलीच्या उजेडात त्याला स्पष्ट दिसत होतं.

“व्हय अम्मा,” तो म्हणाला. “असंच लिवलं.”

मग त्यानं पत्राचं सांगितलं. पत्र शेठचं होतं. पंत मुंबईच्या कंपनीत गेले होते. नव्या चित्रासाठी गोष्टही जलीलनं द्यायची आणि घरंही त्यानंच उभी करायची. तोंडानं सांगेल ते लिहून घ्यायला माणूस देऊ. नाव एका ओळीत, कथा आणि कला, दोन्ही. फक्त सोमवारी हजर व्हायचं, आणि चित्र होईपर्यंत कोल्हापूर सोडायचं नाही. ईदेलासुद्धा नाही. वर्ष लागेल, कदाचित जास्त.

अजीजाबीनं सगळं ऐकून घेतलं. रांजणाकडं गेली, झाकण उचलून तांब्याभर पाणी घेतलं, झाकण परत ठेवलं. फळीवरची पांढरी अक्षरं ओलीनं फुगून निम्मी गेली होती. ती काय आहेत हे तिनं कधी विचारलं नव्हतं, त्यानं सांगितलं नव्हतं.

“मग जायला पायजे,” ती म्हणाली.

“तू लालबीकडं ऱ्हातीस का वर्षभर?”

“लेकीच्या सासरी? आन् इथं कुणी आलं म्हंजे?”

कोण येणार, असं त्यानं विचारलं नाही. तिनं त्याच्यापुढं भाकरी वाढली, आणि तो जेवत असताना म्हणाली, “ती वही हाय का तुज्याकडं? चित्रांची?”

पंतांनी परत केल्यापासून ती ट्रंकेत तळाशी होती. त्यानं काढून दिली. तिनं लुगड्याला हात पुसले, वही मांडीवर घेतली, आणि पंतांनी धरली होती तशी धरली, डावीकडून. पहिलंच चित्र तिचं. तिनं ते बराच वेळ बघितलं. ताटावरून बोट फिरवलं.

“इकडनंच ना?” तिनं विचारलं.

एक्केचाळीस चित्रं, दोन हिवाळे, साडेतीन वर्षांची कोल्हापूरची नोकरी, सगळं त्या एका प्रश्नापाशी येऊन थांबलं. आईला अक्षर वाचता येत नव्हतं. पान उलटलं की पुढच्या चित्रासमोर तिचंच वाक्य होतं आणि तिला ते कधी कळणार नव्हतं.

“व्हय अम्मा,” जलील म्हणाला. “इकडनंच.”

बार्शीची गाडी दुपारची होती. त्यानं ट्रंक उचलली. ती लिंबाखाली बाजेवर बसली होती. सकाळची उरलेली अर्धी भाकरी घेऊन जेवायला बसली होती. उठली नाही.

“दार नुसतं लोटून घे,” ती म्हणाली.

“कडी न्हाई घालत.”

रस्ता ओलांडून पेठेच्या कोपऱ्यावर गेल्यावर त्यानं मागं वळून बघितलं. लोटलेलं दार वाऱ्यानं निम्मं उघडलं होतं. आतला आड दिसत होता, लिंब, बाज, तिच्यावर अम्मा, आणि पुढ्यात एक जर्मनचं ताट. मांडीवर वही. त्याला ते ओळखीचं वाटलं. एक्केचाळिसावं चित्र त्यानं काढलं होतं ते इथून, या कोपऱ्यावरून जसं दिसेल तसं. तेव्हा चूल पेटती होती, अम्मा घरात होती, तो स्वतः तिच्या शेजारी बसून चित्र काढत होता; आणि तरी त्यानं घर रस्त्यावरून बघितलं होतं. म्हणजे जायचं त्यानं तेव्हाच ठरवलं होतं. लालमहंमदला पोटानं नेलं, लालबीला लग्नानं, अब्बांना मरणानं. याला कुणी नेलं नव्हतं.

आत तिनं पान उलटलं. आता तिच्यापुढं दारात उभा असलेला धाकटा होता, हातात ट्रंक. तिनं मान वर करून दाराकडं बघितलं. कोपऱ्यावर उभा असलेला जलील तिच्या म्हाताऱ्या नजरेला तिथून दिसण्यासारखा नव्हता. तिनं पुन्हा वहीत बघितलं.

तो स्टँडवर आला. गाडी लागलेली होती, भरत आली होती. त्यानं ट्रंक टपावर चढवली आणि आत जाऊन मागच्या बाकावर खिडकीशी बसला. कंडक्टर तिकिटं फाडत मागं आला.

“कुठं पाव्हणं?”

“बार्शी.”

कंडक्टरनं तिकीट फाडलं. जलीलनं ते हातात घेतलं, उलटसुलट बघितलं.

“परतीचं बी आत्ताच देता येतंय का?”

“येष्टीत परतीचं नसतं,” कंडक्टर पुढच्या बाकाकडं वळत म्हणाला. “येताना येतानाचं काढायचं.”